चार बोटं खाली

नवी कोरी भिंत दिसली की मास्तरांच्या हाताला खाज सुटायची. स्टुडिओतले सुतार आणि रंगारी आठ-आठ दिवस राबून सिनेमासाठी एखादं घर उभं करायचे, भिंती गुळगुळीत करायचे, दारांना चकाकी आणायचे. मग हे गृहस्थ थंड चहाची किटली, काजळीची डबी आणि तेलाचं फडकं घेऊन यायचे आणि ते सगळं पद्धतशीर मळवून ठेवायचे. म्हणून त्यांचं नाव पडलं मळके मास्तर. सिनेमाच्या सुरुवातीला नावं येतात तिथे ‘कलादिग्दर्शक’ असा भारदस्त शब्द असायचा, पण तो फक्त पडद्यावर. स्टुडिओच्या फाटकापासून कॅन्टीनपर्यंत सगळ्यांना ते मळके मास्तरच. त्यांनाही त्याचं काही वाटायचं नाही. उलट कुणी नवखा ‘सर’ म्हणाला की ते मागे वळून बघायचे, दुसरं कुणी आलंय की काय म्हणून.

त्यांची कामाची रीतच वेगळी होती. पटकथा वाचून झाली की ते दिग्दर्शकाला भेटायचे आणि भलतेच प्रश्न विचारायचे. हा तुमचा कारकून बूट काढताना भिंतीला कुठल्या हाताने टेकतो? ही बाई फोनवर बोलताना उभी राहते की येरझाऱ्या घालते? आजोबांच्या खुर्चीमागे त्यांच्या डोक्याचं तेल भिंतीला लागलंय की मध्ये उशी असते? दिग्दर्शक डोकं खाजवायचे, काही चिडायचेही. पण सिनेमा बघताना लोकांना वाटायचं, ह्या घरात खरंच कुणीतरी वीस वर्षं राहिलंय, आणि का वाटतंय ते मात्र कळायचं नाही. एकदा शूटिंगच्या सकाळी कळलं की नायक डावखुरा आहे. मास्तरांनी दिव्याच्या बटणाभोवतीचा सगळा मळ पुसला आणि दुसऱ्या बाजूने नव्याने चढवला. चाळीस माणसं तोवर हाताची घडी घालून उभी. निर्माता वैतागून म्हणाला, “कोण बघतंय एवढं?”

“मी बघतोय,” मास्तर म्हणाले आणि फडकं पिळलं.

ह्या सगळ्या डागांमध्ये एक डाग त्यांचा खास. स्वयंपाकघराच्या दाराची चौकट असली की उजव्या बाजूला, कमरेच्या जरा वर, ओल्या हाताचा एक लांबट काळसर डाग ते स्वतः करायचे. हाताखालच्या कुणालाही तिथे फिरकू द्यायचे नाहीत. ज्या सिनेमाने त्यांचं नाव झालं त्या पहिल्या सिनेमात हाच डाग होता. त्यातली आई मरते आणि शेवटी पडद्यावर फक्त दाराची चौकट आणि तिच्यावरचा डाग राहतो. लोक हुंदके देत बाहेर पडले होते. ती चौकट मास्तरांनी स्टुडिओच्या गोदामात चादरीत गुंडाळून एकतीस वर्षं जपली होती. कुणी विचारलं तर सांगायचे, “डाग माझ्या आईचा आहे. आमच्या घराची चौकट आहे ती.”

यातलं निम्मं खरं होतं. चौकट त्यांच्याच घराची होती.

मास्तर चौसष्ट वर्षांचे झाले आणि आता थांबायचं म्हणून त्यांनी जाहीर केलं, तेव्हा सिनेमाच्या संग्रहालयाने त्यांच्या कामाचं प्रदर्शन भरवायचं ठरवलं. आराखडे, छोट्या प्रतिकृती, काजळीच्या डब्या, आणि मधोमध ती चौकट. प्रदर्शन मांडणारी मुलगी मोठी चौकस होती. चौकटीखाली लावायच्या पाटीचा मजकूर तिने लिहून आणला: ‘या चौकटीवरचा डाग कलादिग्दर्शकांच्या आईच्या हाताचा आहे.’ मास्तरांनी चष्मा लावून तो दोनदा वाचला आणि छान आहे म्हणाले. वर आणखी शहाणपणा केला. तिने घराचे जुने फोटो मागितले तर ते ताईकडे असतील म्हणून बहिणीचा नंबरही देऊन बसले. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते असं.

दोन दिवसांनी मुलगी परत आली, तोंड एवढंसं करून. फोटो मिळाले होते. पण पाटीचा मजकूर तिने हौसेने ताईंना वाचून दाखवला होता, आणि त्या म्हणाल्या होत्या, “तो डाग आमच्या आईचा नाही. माझ्या भावाला विचारा.” एवढंच म्हणून त्यांनी फोन ठेवला होता.

“मास्तर, पाटी मंगळवारी छापायला जाते. गुरुवारी उद्घाटन आहे,” मुलगी म्हणाली. “काय लिहू?”

मास्तर म्हणाले, सोमवारी सांगतो.

पाटीचं त्यांना तेवढं भय नव्हतं. खोटं उघडं पडलं असतं तर चार लोक हसले असते, पेपरात दोन ओळी आल्या असत्या, आणि मास्तर पुन्हा आपल्या किटल्या घासत बसले असते. भय होतं ते ताईचं. चार वर्षांनी मोठी एकुलती एक बहीण. आईला ओळखणारं, आई कशी हसायची हे आठवणारं जगात आता तेवढं एकच माणूस उरलं होतं. आणि त्या माणसाने एकतीस वर्षांत मास्तरांचा एकही सिनेमा बघितला नव्हता. भांडण म्हणावं तर नाही. लग्नकार्यात भेटायची, आजारपणात धावून यायची, त्यांच्या स्वेटरचं निघालेलं बटण शिवून द्यायची. पण सिनेमाला ये म्हटलं की कधी पाहुणे असायचे, कधी दात दुखायचा, कधी नळ दुरुस्त करायला माणूस येणार असायचा. एकतीस वर्षांत तिच्या घरचे नळ इतक्यांदा बिघडले होते की तेवढ्या दुरुस्त्यांत सगळ्या गल्लीची नळजोडणी नवी झाली असती. का येत नाही ते मास्तरांना ठाऊक होतं. दोघंही मूग गिळून बसले होते.

झालं होतं असं. आईचा गुडघा शेवटी शेवटी फार दुखायचा. त्यांच्या घरात स्वयंपाकघरातून बाहेर यायला एक पायरी होती. ती उतरताना आई उजव्या हाताने चौकट धरायची. हात नेहमीच ओला, कधी पिठाचा, कधी तेलाचा. वर्षानुवर्षं धरून धरून तिथे डाग पडला होता. मग आई गेली. आईचं सगळं ताईने केलं होतं, त्यापायी तिचं लग्नही लांबलं होतं. मास्तर तेव्हा कुणाचे तरी चौथे मदतनीस. दोन महिन्यांनी त्यांना पहिलं स्वतंत्र काम मिळालं, आणि दिग्दर्शकाला जसं घर हवं होतं तसं नेमकं त्यांचंच घर. दहा दिवस ताई मावशीकडे जाऊन राहिली.

शूटिंगच्या आदल्या दिवशी छायाचित्रकाराने चौकट बघितली आणि म्हणाला, डाग दिसत नाही, फार फिकट आहे. झालं. मास्तरांनी चौकट पॉलिश पेपरने घासली, खाचांत लांबी भरली, दोन हात रंगाचे दिले आणि वाळल्यावर स्वतःच्या हाताने नवा डाग केला. चहाचं पाणी, काजळी, वर तेलाचा हात. झकास जमला. खरा डाग पुसून खोटा खरा करून दाखवायचा, ही चूक करायला त्यांच्याच धंद्यातला माणूस लागतो. आणि त्यांना ती चूक वाटलीच नव्हती. ताई परत आली तेव्हा ते तिला हाताला धरून दारापाशी घेऊन गेले होते. ती बराच वेळ बघत राहिली आणि आत जाऊन भांडी लावायला लागली. वर्षभराने तिचं लग्न झालं, घर विकलं गेलं आणि चौकट गोदामात आली.

पहिल्या मुलाखतीत मास्तर म्हणाले होते की डाग आईची आठवण ठेवून केला. छापणाऱ्याने ‘आईच्या हाताचा डाग’ असं छापलं. दुरुस्ती करायची राहून गेली. पाचव्या मुलाखतीत ते स्वतःच तसं म्हणाले, आणि दहाव्या मुलाखतीपर्यंत त्यांनाही ते जवळजवळ खरं वाटायला लागलं होतं.

रविवारी सकाळची बस धरून मास्तर ताईकडे निघाले. चार तासांचा रस्ता, त्यात त्यांनी काय बोलायचं ते सहा वेळा ठरवलं आणि सहाही वेळा खोडलं.

ताईच्या घरी रंगकाम निघालं होतं. बाहेरच्या खोलीतलं सामान मधोमध ओढून त्यावर जुन्या चादरी टाकल्या होत्या, जमिनीवर वर्तमानपत्रं अंथरली होती. भाऊजी खिडकीपाशी एका स्टुलावर वाचत बसले होते. ते निवृत्त ग्रंथपाल. घराला आग लागली तरी हा माणूस कुजबुजतच सांगेल, असं ताई म्हणायची. त्यांनी हळू आवाजात स्वागत केलं आणि एका खुर्चीवरची चादर काढून दिली. भिंती झाल्या होत्या, खिडक्या झाल्या होत्या. रंगाऱ्याच्या घरी काहीतरी निघालं म्हणून उरलेल्या कामाला तो एकदम गुरुवारीच येणार होता.

मास्तर बसले आणि हवापाण्याचं बोलायला लागले. बस वेळेवर मिळाली, रस्ता आता बरा केलाय, भिंतीचा रंग चांगला निवडलाय. ताकाला जाऊन भांडं लपवावं तसं चाललं होतं. ताई आत काहीतरी धूत होती. मग नळ बंद झाला आणि ती बाहेर आली.

मास्तर बोलता बोलता थांबले.

बाहेर येताना ताईचा उजवा हात चौकटीवर टेकला होता. क्षणभरच. ओला हात, बोटं जरा पसरलेली, अंग किंचित त्या बाजूला झुकलेलं. हात निघाला आणि मास्तरांना दिसलं की सगळ्या घराला नवा रंग झालाय, ही एकच चौकट तशीच जुनी आहे, आणि हात होता तिथे डाग आहे. फिकट, लांबट, कडेला पिवळसर. जन्मभर स्टुडिओत ज्याची नक्कल करत बसले तो डाग बहिणीच्या घरी रोज पडत होता. काखेत कळसा आणि गावाला वळसा. ह्या घरात ते दहा-बारा वेळा तरी येऊन गेले होते, पण दर वेळी नजर चोरत आलेल्या माणसाला चौकटी कुठून दिसणार?

आणि इथे तर पायरी नव्हती. जमीन सपाट होती.

“इथे कशाला धरतेस गं?” त्यांनी विचारलं.

ताईने वळून चौकटीकडे बघितलं. “धरते कुठे? हात जातो,” ती म्हणाली. “आईसारखाच.”

आई गेली तेव्हा होती त्याहून ताई आता सहा वर्षांनी मोठी झाली होती.

“संग्रहालयातली ती मुलगी,” ते म्हणाले, “तुझ्याशी बोलली.”

“बोलली. गुणी वाटली.”

“पाटीवर काय लिहायचं म्हणून विचारतेय.”

“मग सांग की काय ते. मला काय विचारतोस? तेव्हा कुठे विचारलं होतंस?”

भाऊजींनी पुस्तकाचं पान उलटलं नाही. मास्तर आपल्या हातांकडे बघत राहिले. मग त्यांनी एकतीस वर्षं मनात घोकलेलं कारण बाहेर काढलं, आणि बाहेर आल्यावर ते फारच बारीक दिसलं.

“आईचा फिकट होता गं, ताई. कॅमेऱ्यात दिसत नव्हता.”

“मला दिसत होता,” ताई म्हणाली.

ती त्यांच्यासमोर वर्तमानपत्रांवरून पाय उचलत आली आणि चादर टाकलेल्या पलंगावर बसली. आवाज चढला नव्हता. ती सांगायला लागली की आई गेल्यावर ते दोन महिने रोज सकाळी स्वयंपाकघरात शिरण्याआधी ती त्या डागावर हात ठेवायची. कुणाला सांगितलं नव्हतं, सांगण्यासारखं काय होतं त्यात? हात ठेवला की दिवस सुरू करता यायचा. मावशीकडचे दहा दिवसही, परत गेल्यावर त्यावर हात ठेवता येईल म्हणूनच, कसेबसे काढले होते.

“तू रंग दिलास, त्याचं एवढं नाही रे लागलं मला,” ती म्हणाली. “तुझं काम होतं ते, तुला कळलं नसेल. पण मी दारात उभी होते, आणि तू हसत हसत म्हणालास, बघ ताई, आता कसा उठून दिसतो. जसं काही आईच्यात कमीच होतं काहीतरी.”

मास्तरांना ते वाक्य आठवत होतं. ते कधीच विसरले नव्हते.

“चुकलं माझं,” ते म्हणाले. रस्ताभर ठरवलेल्या सहा भाषणांतलं हे एकही नव्हतं.

ताईने मान हलवली. मग ती नाक पुसून म्हणाली, “आणि केलास तोही चुकीच्या जागी. चार बोटं वर होता तुझा. लग्न होईपर्यंत रोज बघत होते मी. आईचा हात एवढा वर कधी जायचा?”

मास्तर ताडकन उठले. चौकटीपाशी गेले आणि नेहमी डाग करायच्या उंचीवर त्यांनी आपला हात ठेवला. मग खाली ताईच्या डागाकडे बघितलं. मधल्या जागेत दुसऱ्या हाताची बोटं आडवी लावली. बरोबर चार. आई त्यांच्यापेक्षा वीतभर बुटकी होती, आणि त्यांनी डाग केला होता स्वतःचा हात जिथे सहज पोचतो तिथे. सगळ्या जगाला ‘तुमचा माणूस कुठल्या हाताने टेकतो’ म्हणून विचारत हिंडणाऱ्या मास्तरांनी आपल्या आईची उंची धरली नव्हती. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हा.

“म्हणजे सगळे सिनेमे चार बोटं वर?” भाऊजी पुस्तकाआडून कुजबुजले.

आधी ताई हसली. मग मास्तरही हसले, आणि हसता हसता त्यांना डोळे पुसावे लागले. त्यांनी लपवलं नाही.

ताई उठली. कोपऱ्यात रंगाऱ्याचा सायीच्या रंगाचा डबा होता, शेजारी ब्रश आणि पॉलिश पेपर. तिने ते सगळं आणून मास्तरांच्या पायाशी ठेवलं.

“रंगव ही चौकट.”

“नको. मी नाही हात लावणार,” मास्तर म्हणाले. “राहू दे हा.”

“तीन वेळा घर रंगवलं आम्ही, तीन वेळा हा राहू दिला. आईच्या आठवणीने म्हणशील तर तेही होतं. पण जास्त तुझ्यावरच्या रागाने. रंगारी विचारायचा, ही का सोडली, तर मी म्हणायचे राहू द्या. खरं सांगू, बाळ्या? कंटाळा आला मला आता. गुरुवारी रंगारी येणार तो ह्याच चौकटीसाठी.” तिने ब्रश पुढे केला. “हा माझा डाग आहे, आणि ह्या वेळी मीच सांगतेय. रंगव.”

चौसष्ट वर्षांचे बाळ्या खाली बसले. त्यांनी चौकट घासली, अगदी हलक्या हाताने, डागापाशी तर कागद टेकवावा न टेकवावा असा. धूळ फडक्याने पुसली. मग वरून खाली सरळ हात मारत रंग दिला, ओघळ येऊ दिला नाही, कोपऱ्यात ब्रश उभा धरला. मळवण्यात सगळा जन्म गेलेला माणूस किती नेटकं रंगवू शकतो हे बघून भाऊजींनी चक्क पुस्तक मिटलं. डाग एका हातातच दिसेनासा झाला. फिकटच होता तो. पण मास्तरांचा हात थांबला नाही.

ताई आत चहा करत होती. रंग ओला आहे, सांभाळून ये, असं मास्तरांनी तिला एकदा सांगितलं, ती हो म्हणाली. त्यांनी दुसऱ्यांदा सांगितलं, तेव्हा ती म्हणाली की तिला कान आहेत.

मग, साखर किती घालू ते विचारायला, ती बाहेर आली.

हात गेला. थेट, ओल्या रंगावर, अख्खा पंजा. ताई जागच्या जागी थांबली. तिने हात सोडवला तसा चिकट आवाज झाला, आणि चौकटीवर तिचा पंजा उमटला. पाचही बोटं, तळहाताची घडी, अंगठीची कड. जिथे पडायला हवा होता तिथेच, मास्तरांच्या नेहमीच्या जागेपासून चार बोटं खाली.

“दोनदा सांगितलं मी,” मास्तर म्हणाले.

“मी ऐकलं की,” ताई म्हणाली. “हात ऐकतो का?”

ब्रश मास्तरांच्या हातातच होता, रंगात बुडवलेला. एक हात वरून फिरवला असता तर सगळं पुन्हा सारखं झालं असतं. ताई त्यांच्याकडे बघत होती. मास्तरांनी ब्रश डब्याच्या कडेला निथळला आणि टर्पेंटाइनच्या बरणीत उभा करून ठेवला. मग फडक्यावर थोडं टर्पेंटाइन घेऊन ताईचा हात आपल्या हातात धरला आणि एकेक बोट पुसायला लागले.

पुसता पुसता त्यांनी सांगितलं की पाटीवर असं लिहायला सांगणार आहे: डाग मुलाने केलेला आहे, आईचा डाग त्याच्याखाली होता. ताईने विचार केला आणि म्हणाली, चालेल, पण ‘चार बोटं खाली’ असं लिहायला सांग, उगाच मोघम नको.

“उद्घाटन गुरुवारी आहे,” मास्तर म्हणाले. तिच्याकडे न बघता, करंगळीच्या नखातला रंग काढत.

“गुरुवारी रंगारी यायचाय,” ताई म्हणाली.

मास्तरांनी मान हलवली आणि फडक्याची कोरडी बाजू घेतली.

ताईने चौकटीवरच्या पंजाकडे एकदा बघितलं. “पण आता त्याला इथे काम काय उरलंय,” ती म्हणाली. “त्याला फोन करून नको म्हणून सांगते. सकाळची बस कितीला असते?”